पायगाडीच्या वाटेवरची कारागिरांची गावे

आपल्या आजोबा-पणजोबांच्या पिढीत सायकलीला ‘पायगाडी’ म्हणण्याचा प्रघात होता. हा शब्द आज बोलण्यातून गेला आहे. जुन्या पत्रांत तेवढा अधूनमधून भेटतो. त्याची आठवण मला अगदी अनपेक्षित ठिकाणी झाली. व्हिएतनामी भाषेत सायकलीला ‘से दाप’ म्हणतात. ‘से’ म्हणजे गाडी आणि ‘दाप’ म्हणजे पायाने दाबणे. थोडक्यात, पायगाडीच! दोन दूरच्या भाषांनी एका परक्या वाहनाला एकच नाव द्यावे, याचे मला कौतुक वाटले आणि त्या वाहनाचा त्या देशातील इतिहास पाहावा, असे मनात आले. प्रस्तुत लेख हे त्या कुतूहलाचे फळ आहे.

२०२४ च्या फेब्रुवारीत माझ्या मुलीच्या आग्रहावरून मी मध्य व्हिएतनाममधील होई आन या जुन्या बंदराच्या गावी आठ दिवस राहिलो. तेथे परगावच्या पाहुण्यांना सायकलीवरून खेड्यापाड्यांत आणि कारागिरांच्या घरी नेण्याची प्रथा चांगली रुजली आहे. सकाळी आठ-दहा जणांचा जथा निघतो. पुढे एक वाटाड्या असतो. भातखाचरांच्या बांधावरून, नारळीच्या सावलीतून, कधी होडीत सायकली घालून नदीपलीकडे, असे पंधरा-वीस किलोमीटर हिंडायचे; वाटेत चटई विणणारी, होडी बांधणारा सुतार, तांदळाचे पापड करणारी, मडकी घडवणारी अशी घरे पाहायची आणि दुपारी कोणाच्या तरी ओसरीवर जेवून परतायचे, असा हा क्रम. एके काळी दांडिया बाजारातून रावपुऱ्यापर्यंत रोज सायकलीने कचेरीत जाणाऱ्या माणसाला साठी उलटल्यावरही ते जमले, एवढेच येथे सांगतो.

आमचा वाटाड्या पंचविशीतला मुलगा होता. तो मला ‘बाक’ म्हणे. ‘बाक’ म्हणजे वडिलांचा थोरला भाऊ. त्या भाषेत समोरच्या माणसाला नुसते ‘तुम्ही’ म्हणून भागत नाही. वय पाहून काका, मामी, दादा, धाकटी बहीण असे नाते जोडूनच बोलावे लागते. आपल्याला हे समजावून सांगावे लागत नाही.

तथापि पहिल्याच दिवशी एक प्रश्न माझ्या मनात आला. महसूल खात्यात पस्तीस वर्षे घालवलेल्या माणसाला गाव दिसले की गावाचे पोट कशावर चालते, हे विचारण्याची खोड असते. हे कारागीर आपल्या हातच्या वस्तूवर जगतात, की वस्तू घडवताना दिसण्यावर जगतात? वरवर पाहता हा फरक लहान वाटतो. पण कारागिरी टिकणार की तिचा केवळ देखावा उरणार, हे त्यावर ठरते. याचे उत्तर शोधायचे तर या गावांच्या इतिहासातच जावे लागते.

पहिली गोष्ट अशी, की व्हिएतनाममधील कारागिरांचे गाव आणि आपले गाव यांची घडणच वेगळी आहे. आपल्याकडे बारा बलुतेदारांची व्यवस्था होती. प्रत्येक गावाला आपला सुतार, आपला लोहार, आपला कुंभार. तो त्या गावापुरते काम करी आणि सुगीला त्याच्या वाट्याचे धान्य त्याला मिळे. व्हिएतनाममध्ये, विशेषतः उत्तरेकडील लाल नदीच्या खोऱ्यात, एक आख्खे गावच एका धंद्याचे असते. एका गावाने कुंभारकाम करायचे, दुसऱ्याने रेशीम विणायचे, तिसऱ्याने टोपल्या किंवा शंकूच्या आकाराच्या टोप्या करायच्या. फ्रेंच भूगोलतज्ज्ञ पिएर गुरू यांनी १९३६ साली त्या खोऱ्यातील शेतकऱ्यांवर मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यात त्यांनी गावागणिक असलेल्या या धंद्याच्या वाटणीची बारकाईने दखल घेतली आहे. दाट लोकवस्ती आणि अपुरी जमीन यांमुळे शेतीच्या हंगामाबाहेरचे दिवस हातकामात घालवणे तेथे भागच होते.

या फरकातून एक महत्त्वाचा निष्कर्ष निघतो. आपल्या बलुतेदाराला गावाबाहेरच्या गिऱ्हाइकाची फारशी गरज नव्हती. उलट, ज्या गावात प्रत्येक घरी मडकी होतात, तेथे शेजारी शेजाऱ्याला मडके विकू शकत नाही. त्या गावाला परगावचा माणूस हवाच. फेरीवाला, नावाडी, बाजारचा दलाल, राजाच्या कोठाराचा कारकून असा कोणी ना कोणी सतत दारी येणार, हे गृहीत धरूनच ते गाव वसलेले असते. म्हणून सायकलीवरून आलेला परका पाहुणा हे तेथे आक्रीत नव्हे. तो जुन्याच वाटेवरचा नवा माणूस आहे. आता फरक पडला आहे तो त्याच्या येण्याच्या हेतूत.

होई आनच्या भोवतालची गावे मात्र मूळची तेथली नव्हेत. बडोदे, इंदूर, ग्वाल्हेर येथे पिढ्यान् पिढ्या राहिलेल्या आपल्यासारख्या कुटुंबांना ही कथा जवळची वाटेल. मध्य व्हिएतनामचा हा किनारा शतकानुशतके चंपा राज्याचा होता. १४७१ साली उत्तरेकडील दाइ व्हिएतचा राजा ले थान्ह तोंग याने चंपाची राजधानी विजय ही जिंकली आणि क्वांग नाम हा नवा सुभा स्थापन केला. पुढे १५५८ मध्ये न्ग्युएन होआंग हा सरदार दक्षिणेकडील सुभ्यावर नेमला गेला आणि त्याच्या घराण्याने तेथे जवळजवळ स्वतंत्र राज्य उभे केले. सैन्याच्या पाठोपाठ उत्तरेकडील थान्ह होआ, न्गे आन या प्रांतांतून शेतकरी आले, तसे कारागीरही आले. थान्ह हा या कुंभारांच्या गावात आणि थू बोन नदीच्या पलीकडील किम बोंग या सुतारांच्या गावात आपले पूर्वज उत्तरेतून आल्याची परंपरा आजही सांगितली जाते. पिलाजीराव आणि दमाजीराव गायकवाडांच्या काळात आपले पूर्वज गुजराथेत आले, ते याच रीतीने. आधी घोडदळ, मग कारकून आणि भिक्षुक, मग सोनार, शिंपी, आचारी.

वतन सोडून आलेला माणूस बरोबर काय आणू शकतो? जमीन आणता येत नाही, विहीर आणता येत नाही. हातातली विद्या तेवढी येते, आणि मूळ पुरुषाचे नाव येते. थान्ह हा येथे कुंभारांच्या आद्य गुरूंचे मंदिर आहे. वर्षातून एकदा सारे गाव तेथे जमून पूजा करते. व्हिएतनामी खेड्यात गावाचे दैवत आणि गावाची सभा यांसाठी एक सामाईक वास्तूही असते. राजाचा कायदा गावच्या रूढीपुढे हरतो, अशी तेथली म्हण आहे. माझ्या नोकरीत या म्हणीचा प्रत्यय मला अनेकदा आला असल्याने ती ऐकून मला हसू आवरले नाही.

या वसाहतीला गिऱ्हाईकही तयार मिळाले. सतराव्या शतकात होई आन हे पूर्वेकडील एक नामांकित बंदर होते. युरोपीय व्यापारी त्याला फायफो म्हणत. जपानी आणि चिनी व्यापाऱ्यांच्या तेथे स्वतंत्र वस्त्या होत्या; पोर्तुगीज आणि डच जहाजे येत. रेशीम, साखर, दालचिनी, अगरू आणि मातीची भांडी यांचा मोठा व्यापार चाले. जहाजाला पाणी साठवण्यासाठी रांजण लागत, मालासाठी बरण्या लागत. ते काम थान्ह हाचे. जहाजाला आणि गोदामाला सुतार लागे. ते काम किम बोंगचे. व्यापाऱ्यांच्या वाड्यांचे खांब आणि तुळया फणसाच्या लाकडाच्या असत. आमच्या मूळ कोकणातल्या घरातही फणसाचेच खांब होते, असे वडील सांगत. त्या वाड्यांवरची उलट-सुलट बसवलेली नळीदार कौले थान्ह हाच्या भट्टीतली. पुढे न्ग्युएन राजांनी ह्युए येथे राजवाडे बांधले, तेव्हा किम बोंगचे सुतार तेथेही कामाला गेले.

एकोणिसाव्या शतकात हे सारे मंदावले. नदीचे मुख गाळाने भरत गेले, जहाजे मोठी झाली आणि १८८८ मध्ये जवळचे तुरान, म्हणजे आजचे दा नांग, फ्रेंचांच्या ताब्यात गेल्यावर व्यापार तिकडे वळला. होई आन मागे पडले. पण मागे पडले म्हणूनच वाचले. पैसा नसल्यामुळे कोणी जुने वाडे पाडून नवे बांधले नाहीत. ॲल्युमिनियम आणि प्लॅस्टिक आल्यावर कुंभारांची स्थिती मात्र आपल्याकडच्या कुंभारांसारखीच झाली.

आता सायकलीकडे वळू. ती व्हिएतनाममध्ये फ्रेंच सत्तेबरोबर आली. आधी साहेबाची हौस, मग कारकुनाची सोय आणि शेवटी शेतकऱ्याचा बैल, असा तिचा प्रवास झाला. फ्रेंच कारखान्यातल्या याच सायकलींनी पुढे फ्रेंच सत्तेचा शेवट घडवून आणण्यास हातभार लावला, हा इतिहासाचा विलक्षण भाग आहे.

१९५३ च्या अखेरीस जनरल नाव्हार यांनी वायव्येकडील डोंगराळ भागात दिएन बिएन फू येथे विमानतळासह मजबूत ठाणे उभारले. त्यांचा हिशेब साधा होता. शेकडो किलोमीटर डोंगर आणि अरण्य ओलांडून शत्रूला मोठ्या सैन्याचे धान्य आणि दारूगोळा पोहोचवता येणार नाही. डोक्यावर वाहून नेणारा हमाल वाटेत स्वतःच बरेचसे धान्य खाऊन टाकतो, हे त्या हिशेबाचे मर्म. जनरल व्हो न्ग्युएन झाप यांनी तो खोटा ठरवला. मालमोटारी आणि पायी हमाल यांच्या जोडीला वीस हजारांहून अधिक सायकली कामाला लावण्यात आल्या. त्यांना ‘से थो’, म्हणजे ओझ्याची गाडी, म्हणत.

या सायकलीवर कोणी बसत नसे. डाव्या मुठीला बांबूचा लांब दांडा बांधून तिला वळण द्यायचे, बैठकीच्या मागे उभा दांडा बांधून तोल सावरायचा आणि बाजूने चालत ती ढकलायची. सांगाड्याला लाकूड वा लोखंडाचा आधार द्यायचा, चाकात जुन्या कापडाच्या चिंध्या भरून ते टिकाऊ करायचे. पाठीवर वीस-पंचवीस किलो नेणारा माणूस या युक्तीने दोनशे किलो नेऊ लागला. काहींनी तीनशेच्याही वर मजल मारली. उतारावर तीच गाडी माणसाला ओढून दरीत नेई, म्हणून मागून दोर धरावा लागे. विमाने टाळण्यासाठी बराचसा प्रवास रात्रीचा. १३ मार्च १९५४ रोजी सुरू झालेली लढाई ७ मे रोजी फ्रेंचांच्या शरणागतीने संपली. या तांदळाचा आणि सायकलींचा फार मोठा वाटा थान्ह होआ प्रांताने उचलला होता. ज्या प्रांतातून चार-पाचशे वर्षांपूर्वी कुंभार आणि सुतार दक्षिणेला गेले, तोच हा प्रांत.

पुढे अमेरिकेबरोबरच्या युद्धातही सायकलीचे महत्त्व टिकून राहिले. न्यूयॉर्क टाइम्सचे वार्ताहर हॅरिसन सॉल्सबरी १९६६ च्या अखेरीस हनोईला जाऊन आले. १९६७ मध्ये अमेरिकी सिनेटच्या परराष्ट्र समितीपुढे त्यांनी साक्ष दिली, तेव्हा उत्तर व्हिएतनामची वाहतूक सायकलीवर किती अवलंबून आहे, हे त्यांनी आवर्जून सांगितले. पूल पडला तरी सायकल फळीवरून, होडीतून, खांद्यावरून पलीकडे जाते; तिला इंधन लागत नाही आणि ती बाँबने मारण्याजोगे लक्ष्यही नाही. हनोईत १९६० साली सायकलींचा सरकारी कारखाना निघाला होता. त्याचे नाव ‘थोंग न्यात’, म्हणजे एकीकरण.

१९७५ मध्ये युद्ध संपले आणि टंचाईचा काळ आला. धान्य, कापड, रॉकेल सारे शिधापत्रिकेवर. त्या काळात सायकल ही कुटुंबाची मोठी मालमत्ता होती. तिची सरकारदरबारी नोंद होई, तिला क्रमांकाची पाटी असे. आपल्याकडेही नगरपालिका सायकलीला पितळी बिल्ला देत आणि दिवा नसेल तर शिपाई अडवी. पण तेथे सायकलीची नोंद जवळजवळ सात-बाऱ्याच्या तोलाची होती. कारागिरांच्या गावाहून शहराकडे जाणारा मालही तिच्यावरूनच जाई. टोपल्या, केरसुण्या, मासे पकडण्याचे बांबूचे सापळे यांचा एवढा डोंगर सायकलीवर रचलेला असे, की गाडी आणि माणूस दोन्ही दिसेनासे होत. असे फेरीवाले हनोईच्या रस्त्यांवर मला आजही दिसले.

डिसेंबर १९८६ मध्ये पक्षाच्या सहाव्या अधिवेशनात ‘दोइ मोइ’ हे नवे आर्थिक धोरण स्वीकारले गेले आणि खासगी धंद्याला वाट मिळाली. १९९४ च्या फेब्रुवारीत अमेरिकेने व्यापारबंदी उठवली. १९९५ मध्ये दोन्ही देशांचे राजनैतिक संबंध सुरू झाले. त्यानंतर घडलेली एक घटना मला फार बोलकी वाटते. १९९८ च्या जानेवारीत अमेरिकेचे आणि व्हिएतनामचे माजी सैनिक एकत्र सायकलीवरून हनोईहून हो ची मिन्ह शहरापर्यंत सुमारे १,९०० किलोमीटर गेले. त्यांत युद्धात पाय गमावलेले होते, ते हाताने चालवायच्या सायकलीवर होते. दृष्टी गेलेले होते, ते जोडसायकलीवर मागे बसले होते. ज्या वाहनाने शत्रूचा दारूगोळा वाहिला, त्याच वाहनावर एकेकाळचे शत्रू शेजारी शेजारी चालले. तेव्हापासून आजवर परदेशी माणसे या देशात सायकलीवरून गावोगाव हिंडत आहेत.

त्याच सुमारास होई आनचे दिवस पालटले. काझिमिएझ क्व्यात्कोव्स्की या पोलिश वास्तुतज्ज्ञाने १९८० च्या दशकापासून १९९७ मध्ये मृत्यू येईपर्यंत होई आन आणि जवळचे मी सन येथील चाम मंदिरसमूह यांच्या जतनासाठी अविश्रांत श्रम केले. होई आनमध्ये त्यांचे स्मारक आहे. डिसेंबर १९९९ मध्ये दोन्ही स्थळे युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत गेली. जुने वाडे दुरुस्त करायचे तर जुन्या पद्धतीचे सुतारकाम हवे, जुन्या पद्धतीची कौले हवीत. किम बोंगच्या सुतारांना आणि थान्ह हाच्या कुंभारांना पुन्हा बोलावणे आले. येथे एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. हे काम देखाव्याचे नव्हते. छप्पर गळत होते म्हणून कौल हवे होते. कारागिरीला खरी उभारी आली ती या गरजेमुळे. पाहुण्यांची रीघ त्यानंतर लागली.

थान्ह हा येथील चाक पाहून मी बराच वेळ थांबलो. आपला कुंभार दांडक्याने चाकाला गती देतो आणि एकटाच काम करतो. तेथे चाकाला दोन माणसे लागतात. एक स्त्री उभी राहून एका पायाने चाक ढकलत राहते, त्याच वेळी हाताने माती मळून तिच्या वळ्या करून देते. दुसरी बसून भांडे घडवते. नदीपलीकडे चटई विणतानाही हाच प्रकार. एकीने लांब काठीने लव्हाळ्याची काडी आत सारायची, दुसरीने फणी दाबून ती घट्ट बसवायची. दोघींचा ताल जमला तरच विणकाम सरळ येते. आम्ही गेलो त्या घरी सत्तरीची बाई भांडे घडवत होती आणि तिची सून चाक ढकलत होती. मुलगा दा नांगच्या एका हॉटेलात नोकरीला. नात शाळेत. नात हे शिकेल का, असे मी वाटाड्यामार्फत विचारले. म्हातारीने हात न थांबवता उत्तर दिले, ती इंग्रजी शिकते आहे. वाटाड्या संकोचून माझ्याकडे पाहू लागला. तोही इंग्रजीवरच जगत होता.

या उत्तरात तक्रार नव्हती. पण दोन माणसांच्या चाकाला दुसरा माणूस मिळाला नाही तर चाक थांबणार, हे तिला माझ्यापेक्षा अधिक चांगले ठाऊक असणार. गावात शिरताना तिकीट असते आणि तिकिटाबरोबर पशुपक्ष्यांच्या आकाराची मातीची एक शिट्टी भेट मिळते. आमच्या जथ्यातल्या बहुतेकांनी दहा मिनिटे चाकावर हात ठेवून पाहिला, छायाचित्रे काढली आणि शिट्ट्या वाजवत पुढे निघाले. त्यात वाईट काही नाही. त्या तिकिटाचा पैसा गावात येतो. पण मी जेव्हा कोपऱ्यात ठेवलेले, घरी मासे शिजवण्यासाठी वापरतात तसले साधे मडके मागितले, तेव्हा म्हातारी प्रथमच उठली. तिने तीन मडकी वाजवून पाहिली, दोन बाजूला ठेवली आणि तिसरे मला दिले. पाहुण्याशी ती हसून वागत होती. गिऱ्हाइकाशी ती कारागिरासारखी वागली. ते मडके आमच्या घरी आहे. त्यात दही चांगले लागते.

केवळ पाहुण्यांवर विसंबण्यातला धोका पुढे कोणी सांगायला नको, असा तो मार्च २०२० मध्ये दिसला. साथीमुळे परदेशी प्रवाशांना देशाची दारे बंद झाली, ती १५ मार्च २०२२ रोजी पुरती उघडली. दोन वर्षे एकही परदेशी सायकल त्या बांधावर आली नाही. आमचा वाटाड्या त्या काळात वडिलांच्या शेतावर परतला होता. ‘बाक, भात कोणाच्या येण्याची वाट पाहत नाही,’ असे तो म्हणाला. थू बोन नदीच्या पुराचे संकट तर दर पावसाळ्याला असतेच. २०२५ च्या ऑक्टोबरअखेरच्या महापुरात होई आन आणि भोवतालची खेडी पाण्याखाली गेली.

या बाबतीत चा क्वे हे भाजी पिकवणारे गाव मला अधिक सुरक्षित वाटले. तेथे पाहुणे येतात, खांद्यावरच्या काठीला टांगलेल्या दोन झाऱ्यांनी वाफ्याला पाणी घालून पाहतात. पण गावाची भाजी मुळात बाजारासाठी आहे. पाण्यातले शेवाळ खत म्हणून घालून पिकवलेली तुळस, पुदिना, कोथिंबीर ही होई आनच्या स्वयंपाकघरांना रोज लागते. २०२३ मध्ये होई आनला युनेस्कोने हस्तकला आणि लोककलांचे सर्जनशील शहर म्हणून मान्यता दिली आणि २०२४ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेने चा क्वेला उत्तम पर्यटनग्रामांच्या यादीत घेतले. पुढे १ जुलै २०२५ पासून क्वांग नाम प्रांतच दा नांग शहरात विलीन झाला. प्रांताची दप्तरे हलली, शिक्के बदलले. ल्हासुर्णा-वडगावांचे तालुके बदलल्यावरही गावचे नाव लोकांच्या तोंडून जात नाही, तसेच तेथेही होईल.

वसाहतकऱ्यांची कथा सांगताना आधीच्या लोकांना विसरणे मात्र न्यायाचे होणार नाही. होई आनपासून सुमारे चाळीस किलोमीटरवरील मी सन येथे चौथ्या शतकाच्या अखेरीस भद्रवर्मन राजाने भद्रेश्वर शिवाची स्थापना केली. तेथील अनेक कोरीव लेख संस्कृतात आहेत. १९६९ च्या बाँबफेकीत तेथील सर्वांत उंच मंदिर कोसळले. २०१७ ते २०२२ या काळात भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण खात्याने तेथील काही मंदिरांचे जतन केले. चाम लोक मात्र नाहीसे झाले नाहीत. दक्षिणेकडील बाउ त्रुक गावात चाम स्त्रिया आजही मडकी करतात. त्यांच्याकडे चाकच नाही. भांडे जागेवर राहते आणि कुंभारीण त्याच्याभोवती फिरते. २०२२ मध्ये युनेस्कोने ही कला तातडीने जपण्याच्या यादीत घेतली. एकाच मातीच्या दोन परंपरा, एक आधीची, एक नंतर आलेली, आणि आज दोघींपुढे प्रश्न एकच.

या प्रश्नाचा आपल्या शहरालाही अनुभव आहे. १८९० मध्ये श्रीमंत सयाजीराव महाराजांनी बडोद्यात कलाभवन स्थापन केले, तेव्हा कारागिरांना पाहुण्यांपुढे बसवणे हा हेतू नव्हता. रंगकाम, विणकाम, सुतारकाम यांचे शास्त्र नव्या मुलांना शिकवावे, त्यांच्या हातून विकण्याजोगा माल व्हावा, हा होता. संस्थाने गेली, आश्रयदाते गेले. पण कलाभवनाचे रूपांतर विद्यापीठाच्या तंत्रविद्या शाखेत होऊन ते उरले, कारण ते शिकवण्याशी आणि गरजेशी जोडलेले होते.

म्हणून सायकलीवरून येणाऱ्या पाहुण्याला मी दोष देणार नाही. तो फेरीवाल्याचाच वारस आहे. मोटारीतला प्रवासी गावाच्या वेशीवरून पुढे जातो. सायकलवाल्याला तहान लागते, चाक पंक्चर होते, तो ओसरीवर टेकतो. मात्र टेकल्यावर त्याने कारागिराला एवढे विचारावे, की तुमच्या घरी रोजच्या वापरात काय आहे, आणि तेच विकत घ्यावे. आपणही वतन सोडून आलेली माणसे आहोत. आपल्या घरांतून पुरणयंत्र, पाटा, मोडी वाचणारे डोळे एकेक करून गेले, ते कोणी पाहायला आले नाही म्हणून नव्हे. त्यांचे काम पडेनासे झाले म्हणून. थान्ह हाच्या त्या नातीने इंग्रजी जरूर शिकावे. सुटीच्या दिवशी तिने आजीसाठी चाक ढकलावे, आणि त्यावर घडलेले मडके कोणाच्या तरी चुलीवर चढावे, एवढीच इच्छा मी येताना मनाशी धरली.